दोन कप चहा: एक पुण्यातला, एक कोल्हापुरातला

कानात इअरफोन घालून लोकलमध्ये लटकत असाल किंवा टपरीवर उभे असाल, तर आजचा एपिसोड तुमच्यासाठीच आहे. आज विषय चहा. म्हणजे चहाची रेसिपी नाही, चहाचा इतिहास. आणि त्यातही एकच प्रश्न: चहा कोण कोणाच्या हातचा पितो?

आधी एक घरची गोष्ट सांगतो. गावी आमच्या आजीच्या घरी मागच्या पडवीत, कोनाड्यात एक कान तुटलेला कप असायचा. मी सात-आठ वर्षांचा असेन. एकदा तहान लागली म्हणून त्याच कपातून पाणी प्यायलो. आजी धावत आली, कप हातातून काढून घेतला आणि मला आंघोळीला पाठवलं. का, ते कोणी सांगितलं नाही. आपल्याकडे शेतावर कामाला येणाऱ्या माणसाचा तो कप होता, हे मला खूप नंतर कळलं. आजी प्रेमळ होती, त्या माणसाला कधी उपाशी पाठवायची नाही. पण कप वेगळा.

हे डोक्यात ठेवा. आता जाऊ १८९० च्या पुण्यात.

तेव्हा चहा आजच्यासारखा गल्लोगल्ली मिळत नव्हता. तो होता साहेबाचा पदार्थ. ऑक्टोबर महिन्यात पुण्यातल्या पंचहौद मिशनमध्ये एक व्याख्यान झालं. शहरातली बडी मंडळी जमली होती. न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे होते, लोकमान्य टिळक होते. व्याख्यान संपल्यावर यजमानांनी चहा-बिस्किटं पुढे केली. काहींनी चहा घेतला, काहींनी पाहुणचाराला नाही कसं म्हणायचं म्हणून कप नुसता हातात धरला. झालं, मंडळी घरी गेली.

पण हा कार्यक्रम जमवून आणणाऱ्यांत गोपाळराव जोशी होते. होय, डॉ. आनंदीबाई जोशींचे पती. ते अत्यंत खोडकर आणि विक्षिप्त गृहस्थ. त्यांनी काय केलं, तर हजर असलेल्यांची नावं थेट 'पुणे वैभव' या पत्रात छापून आणली. आजच्या भाषेत सांगायचं तर ग्रुप फोटो सगळ्यांना टॅग करून व्हायरल केला.

पुण्यात गदारोळ उडाला. ख्रिस्ती मिशनऱ्यांच्या घरचा चहा म्हणजे धर्म बुडाला! तक्रार शंकराचार्यांपर्यंत गेली, चौकशीसाठी शास्त्री नेमले गेले. याला 'ग्रामण्य' म्हणत. ग्रामण्य म्हणजे काय, तर जातीतून बहिष्कार. भटजी तुमच्या घरी येणार नाही, पंगतीत तुमचं पान वाढलं जाणार नाही, घरातल्या लग्न-मुंजी अडून बसणार. तेव्हाचं 'अनफॉलो' असं होतं, आणि त्याला ब्लॉक करून सुटका नव्हती.

शेवटी काय झालं? आपण काशीला प्रायश्चित्त घेतलंय, असं टिळकांनी सांगितलं. रानड्यांना वैयक्तिक प्रायश्चित्ताची गरज वाटत नव्हती, पण आपल्यामुळे मित्रांचे संसार अडचणीत येतायत हे पाहून त्यांनीही ते घेतलं. सुधारकांच्या पुढाऱ्यानेच माघार घेतली म्हणून त्यांच्यावर टीका झाली. रमाबाई रानड्यांनी आपल्या आठवणींत या प्रकरणाबद्दल लिहिलंय, जरूर वाचा.

मला इथे रानड्यांना नावं ठेवायची नाहीत. सांगायचंय ते एवढंच, की हायकोर्टापर्यंत जाणारा माणूसही एका कपापुढे वाकला. कारण कायदा कोर्टात असतो, पण पंगत घरात असते.

आता गाडी कोल्हापूरकडे वळवू. साल साधारण १९२० च्या आसपासचं. इथेही गोष्ट एका हौदापासून सुरू होते, पण हा हौद पाण्याचा. गंगाराम कांबळे हे राजर्षी शाहू महाराजांच्या पागेत नोकरीला होते. अस्पृश्य मानलेल्या समाजातले. सवर्णांसाठी राखलेल्या हौदाला शिवले, म्हणून इतर नोकरांनी त्यांना बेदम मारलं. महाराज तेव्हा कोल्हापुरात नव्हते. परत आल्यावर गंगारामांनी आपली पाठ त्यांना दाखवली. वळ उठलेले होते.

महाराजांनी मारणाऱ्यांना शिक्षा केली. आपल्यापैकी बहुतेकांनी इथेच 'केस क्लोज्ड' म्हटलं असतं. पण महाराजांनी गंगारामांना सांगितलं, नोकरी सोड, स्वतःचा धंदा कर. आणि गंगारामांनी भाऊसिंगजी रोडवर, भर वस्तीत, चहाचं हॉटेल काढलं. नाव ठेवलं 'सत्यसुधारक'.

हॉटेल स्वच्छ, चहा चांगला. पण गिऱ्हाईक? नाही. गंगारामाच्या हातचा चहा कोण पिणार? विचार करा, तुमच्या स्टार्टअपचा माल उत्तम आहे आणि तो कोणी घेत नाही, कारण तुमची जात.

मग महाराजांची गाडी हॉटेलसमोर थांबायला लागली. महाराज चहा मागवायचे, स्वतः प्यायचे आणि सोबतच्या सवर्ण मंडळींनाही द्यायचे. आता छत्रपती पितायत म्हटल्यावर नाही कोण म्हणणार? आणि हे एकदाच झालं नाही, पुन्हा पुन्हा होत राहिलं. हळूहळू गंगारामांचं हॉटेल चालायला लागलं.

दोन्ही गोष्टी शेजारी ठेवा. पुण्यात चहा एकदा घेतला गेला, बंद सभागृहात, आणि नंतर त्याची माफी मागावी लागली. कोल्हापुरात तो भर रस्त्यावर घेतला गेला, वारंवार. पुण्यात पाहुण्यांची अब्रू पणाला लागली होती. कोल्हापुरात चहा विकणाऱ्याचं पोट. आपण म्हणतो परंपरा बदलायला भाषणं लागतात. लागतातच. पण परंपरा म्हणजे तरी काय, रोज केलेली गोष्ट. ती मोडायलाही रोजचीच गोष्ट लागते. आणि पाठ दाखवण्याची हिंमत गंगारामांची होती, हॉटेल पहाटे उघडण्याची मेहनतही त्यांचीच. महाराजांचं कौतुक करताना हे विसरू नका.

मार्च १९२० मध्ये माणगावच्या परिषदेत शाहू महाराज आणि बाबासाहेब आंबेडकर एका मंचावर होते. २० मार्च १९२७ ला बाबासाहेबांनी महाडच्या चवदार तळ्याचं पाणी ओंजळीत घेतलं. आणि मग संविधानाचं कलम १५ बघा. दुकानं, सार्वजनिक उपाहारगृहं, हॉटेलं, विहिरी, तलाव: इथे धर्म, वंश, जात, लिंग किंवा जन्मस्थान यावरून कोणालाही अडवता येणार नाही. मी हे इंजिनिअरिंगला असताना पहिल्यांदा वाचलं, तेव्हा नवल वाटलं होतं. देशाच्या एवढ्या मोठ्या दस्तऐवजात हॉटेल कशाला? आता कळतं. त्या एका शब्दामागे गंगारामांसारख्या कितीतरी जणांची पाठ आहे.

ऑफिसखालच्या टपरीवर आम्ही सगळे एकाच ट्रेमधले कटिंग उचलतो, कोणी कोणाची जात विचारत नाही. छान आहे. पण फ्लॅट भाड्याने घेताना आडनाव विचारतातच. म्हणजे कप बाहेर बदलला, पडवीतला अजून बाकी आहे.

आजीचा तो कप आता नाही. मी बाबांना विचारलं, तो माणूस कोण होता? ते थोडा वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "नाव आठवत नाही रे. वीस वर्षं येत होता."

या आठवड्यात घरी चहा पिताना तुम्हीही विचारून बघा, आपल्याकडे वेगळा कप होता का? आणि कोणाचा? उत्तर मिळालं तर मला नक्की कळवा. भेटू पुढच्या एपिसोडमध्ये. तोवर, चहा घ्या!