हातात ठेवलेलं कार्ड

‘तुमच्याबद्दल नव्हतं हो!’ आडनावावरून जात न कळलेल्या आपल्या तरुणांना ऑफिसात हे वाक्य हमखास ऐकावं लागतं. अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय कलावंत व तत्त्वज्ञ एड्रियन पायपर यांनी 1986 मध्ये याच पळवाटेवर बोट ठेवलं.

वर्ण उजळ असल्याने गोरे लोक त्यांना आपल्यातलंच समजत आणि त्यांच्यासमोर काळ्यांना बिनदिक्कत हिणवत. आधीच ओळख सांगितली तर पायपर आगाऊ ठरत; गप्प राहिल्या तर अपमान गिळावा लागे. त्यांनी तिसरी वाट काढली. मेजवानीत कुणी तसं बोललं की एक छापील कार्ड त्याच्या हातात द्यायचं. भाषा अत्यंत सभ्य, आशय थेट: मी काळी आहे.

बोललेला शब्द तोच राहिला. ऐकणारी कोण आहे हे कळताच त्याचा अर्थ उघडा पडला. शब्दाचा अर्थ बोलणाऱ्याच्या मालकीचा नसतो, ज्याला तो लागतो त्याचाही असतो.

याला कुणी कलेत आणलेलं राजकारण म्हणेल. आम्ही विचारतो, त्या विनोदात राजकारण नव्हतं का? पायपर यांनी शरम फक्त तिच्या खऱ्या मालकाकडे परत केली.