नादौन-सुजानपूर रस्त्याखालची जमीन

सध्या पोस्टिंग हिमाचलमध्ये. ब्यास नदीकाठच्या नादौनहून सुजानपूरला जाणाऱ्या रस्त्यावरून दोन-चारदा जाणं झालं. सुजानपूर ही कटोच राजा संसारचंद याची राजधानी. आता तिथे सैनिक स्कूल आहे. हमीरपूर जिल्ह्यात गावोगावी आजी-माजी फौजी भेटतात आणि रजेवर आलेला जवान असल्याच रस्त्यांनी घरी पोचतो. पण हा रस्ता कुणाच्या शेतावरून काढला, हा प्रश्न मला कधी पडला नव्हता. सुप्रीम कोर्टाचा ८ जानेवारी २०२० चा निकाल वाचला आणि पडला.

गोष्ट १९६७-६८ सालची. पंजाबची फेररचना १९६६ च्या नोव्हेंबरात झाली आणि कांगडा हिमाचलला जोडला गेला. हमीरपूर तेव्हा कांगड्यातच होतं, वेगळा जिल्हा १९७२ मध्ये झाला. हिमाचलही अजून केंद्रशासित होतं. नव्या मुलखात रस्त्यांची घाई होती. या रस्त्यासाठी नादौन तालुक्यातल्या एका विधवा बाईंची ३.३४ हेक्टर, म्हणजे सव्वाआठ एकर जमीन घेतली गेली.

१८९४ चा भूसंपादन कायदा हाताशी होता. आधी अधिसूचना, मग हरकती ऐकणं, मग निवाडा आणि मोबदला, अशी त्याची रीत. इथे यातलं काहीच झालं नाही. मालमत्तेचा हक्क तेव्हा मूलभूत हक्क होता. तो ४४ व्या घटनादुरुस्तीने पुढे १९७८ मध्ये त्या यादीतून निघाला आणि कलम ३००अ मध्ये गेला.

बाई गप्प का राहिल्या? निरक्षर, एकट्या, खेड्यातल्या. दाद कुठे मागायची हेच माहीत नव्हतं. शिवाय डोंगरात रस्त्याला नको कोण म्हणेल? याच हिमाचलच्या एका खटल्यात १९८६ मध्ये सुप्रीम कोर्टाने म्हटलं होतं, की डोंगरी माणसाला रस्ता म्हणजे जगण्याच्या हक्काचाच भाग. रस्ता सगळ्यांना हवा असतो, पण त्याखाली जाणारं शेत एकाच घराचं असतं.

त्याच रस्त्यात जमीन गेलेले काही शेजारी २००४ मध्ये हायकोर्टात गेले. २००७ मध्ये कोर्टाने सरकारला रीतसर भूसंपादन करायला सांगितलं. सरकारने ते केलं, पण फक्त अर्ज करणाऱ्यांपुरतं. बाईंना हे कळलं तेव्हा २०१० साल उजाडलं होतं. त्यांनीही अर्ज केला.

सरकारचं उत्तर वाचून मी थांबलो. ४२ वर्षं जमीन आमच्या ताब्यात आहे, म्हणून ती आता आमचीच! दुसऱ्याची जमीन बळकावून वर्षानुवर्षं बसलेला माणूस कोर्टात जो बचाव घेतो, तो इथे सरकारने आपल्याच नागरिकाविरुद्ध घेतला. हायकोर्टाने २०१३ मध्ये बाईंना दिवाणी दावा लावायला सांगितलं.

सुप्रीम कोर्टात निकाल लागला तेव्हा त्या ८० वर्षांच्या होत्या. न्यायमूर्ती इंदू मल्होत्रा आणि अजय रस्तोगी यांनी स्पष्ट केलं, की कल्याणकारी राज्याला असा कब्जाहक्क सांगता येत नाही. तोंडी संमती होती, हेही कोर्टाने मानलं नाही आणि उशिराची सबबही चालू दिली नाही. जमीन संपादित झाल्याचं धरून शेजाऱ्यांइतकाच मोबदला आठ आठवड्यांत द्या, वर खर्चापोटी एक लाख रुपये द्या, असा हुकूम झाला.

हे एकाच बाईंचं दुखणं नव्हतं. सिरमौर जिल्ह्यात १९७२-७३ मध्ये अशाच तऱ्हेने रस्त्यात गेलेल्या जमिनीचा निकाल २०२२ मध्ये लागला. तोही सुप्रीम कोर्टातच.

फौजी माणूस म्हणून मला रस्त्याची किंमत सांगावी लागत नाही. पूल तुटला, दरड आली, की पहिली चिंता रस्त्याचीच. जमीन लागते, ती घ्यावी. पण नोटीस द्यावी, मोजणी करावी, पैसे द्यावेत. गप्प राहिलेल्या माणसाने संमती दिली असं समजू नये. ज्यांच्यासाठी आपण सीमेवर उभे असतो, त्यात त्या माताजीही येतात.

जय हिंद.