मुंगूस आणि वरळीचा बेडूक

बेलापुरास पारसिकच्या टेकडीवर सकाळीं फिरावयास जातों, तेव्हां एखादें मुंगूस वाट ओलांडून जातें. मुंगूस दिसणें आपण शुभ मानतों. एके दिवशीं नातवानें विचारलें, "आजोबा, मुंगसाचे पूर्वज ह्या खडकांत सांपडतील का?" उभा जन्म इतिहास शिकवूनहि मला तत्काळ उत्तर देतां आलें नाहीं.

उत्तर खडकाच्या वयांत आहे. आपला काळा पाषाण म्हणजे थिजलेला लाव्हा. त्याचें वय सहा कोटी वर्षांहून अधिक. मुंगसाचें कुळ अवतरलें तें त्यानंतर कित्येक कोटी वर्षांनीं. जें जन्मलेंच नव्हतें, त्याचीं हाडें तेथें कोठून असणार? तीं पाहावयाचीं तर चुनखडीच्या गुहा गांठाव्या. कर्नूलकडील बिल्लासुर्गम् येथें रॉबर्ट ब्रूस फूट व त्यांचे चिरंजीव यांनीं 1884 च्या सुमारास खोदकाम केलें. लायडेकर यांनीं 1886 मध्यें तेथील प्राण्यांची जी यादी छापली, तींत मुंगसें आहेत आणि जवादी मांजराच्या वंशांतील एक नामशेष जातहि आहे.

पण म्हणून आमचे खडक मुके आहेत असें नव्हे. लाव्हाचे दोन लोट येत, त्यांच्या मधल्या काळांत तळीं सांचत, गाळ बसे, जीव नांदत. मग नवा लोट सारें झांकून टाकी. मुंबईस वरळीच्या अशाच एका थरांत चिमुकल्या बेडकांचे सांगाडे निघाले. क्लार्क नांवाच्या इंजिनियरानें मुंबईच्या भूस्तरांवर विलायतेस निबंध धाडला. त्याला जोडून रिचर्ड ओवेन यांनीं 1847 मध्यें ह्या बेडकाचें वर्णन केलें व त्यास 'राना पुसिला', म्हणजे इवलासा बेडूक, असें नांव दिलें. पुढें 1930 मध्यें अमेरिकेंतील नोबल यांनीं त्याला 'इंडोबॅट्रॅकस' ह्या स्वतंत्र वंशांत घातलें. ऑस्ट्रेलियांतील बेडकांशीं त्याचें साम्य त्यांना दिसलें. भरतखंड एके काळीं दक्षिणेकडील भूमींना जोडलेलें होतें, हें ध्यानांत घेतां त्यांत फारसें नवल नाहीं.

वरळीवर आज उंच इमारती आहेत. इकडे पारसिकचा डोंगर खाणींनीं वर्षानुवर्षें पोखरला. त्याचा दगड आमच्याच घरांच्या पायांत गेला. तो फोडतांना मध्यें एखादा मऊ, पानापानांनीं सुटणारा थर लागला असेल, तर सुरुंग लावणारांनीं तो कशास पाहिला असेल? नातवास मी सांगितलें, "मुंगूस नको, बेडूक शोध." येत्या रविवारीं आम्ही दोघे भिंग घेऊन निघणार आहों.