डांगडुट : ढोलकीच्या बोलावरून नाव पडलेलं गाणं

श्रोतेहो, इंडोनेशिया म्हटलं की आपल्याला बोरोबुदूरचा स्तूप आठवतो, जावा बेटावरच्या बाहुल्यांच्या खेळातले अर्जुन-भीम आठवतात. हा वारसा थोर खराच. पण तिथला रिक्षावाला, गिरणीकामगार, भाजीवाली रोज काय ऐकते, हे विचाराल तर उत्तर एकच मिळेल : डांगडुट.

हे नाव ढोलकीच्या बोलांवरून पडलं. 'डांग' ही एक थाप, आणि 'डुट' हा खाली घुमत जाणारा बोल. आपल्या तबल्याशी याचं नातं आहे, आणि ते नातं मुंबईतून गेलेलं आहे! 1950 नंतरच्या वर्षांत मुंबईचे हिंदी बोलपट इंडोनेशियात मोठ्या आवडीनं पाहिले जात. तिथल्या मलायी वाद्यवृंदांनी त्या चाली उचलल्या, त्यांवर आपल्या भाषेतले शब्द बसवले, बासरी आणि तबल्याच्या वळणाची ढोलकी साथीला घेतली. एल्या खादाम या गायिकेच्या एका लोकप्रिय गाण्याचं नावच मुळी 'भारतातली बाहुली' असं होतं.

त्या काळी राज्यकर्त्यांचं गाण्यावर बारीक लक्ष असे. राष्ट्राध्यक्ष सुकार्नो यांनी 1959 साली पाश्चात्य रॉक संगीतावर जाहीर टीका केली. 1965 साली तर कुस बंधूंना बीटल्सच्या धर्तीवर गाणी वाजवली म्हणून तुरुंगात जावं लागलं. पुढे सुहार्तो सत्तेवर आले आणि पाश्चात्य संगीताला दार उघडलं. शहरातल्या सुशिक्षितांनी ते जवळ केलं, आणि गरिबांच्या ढोलकीच्या गाण्याला 'डांगडुट' म्हणून हिणवलं.

मग झालं काय? रोमा इरामा नावाच्या गायकानं ती शिवीच भूषण म्हणून मिरवली. 1946 साली पश्चिम जावात जन्मलेल्या या माणसानं विजेची गिटार ढोलकीच्या शेजारी आणून बसवली. त्याची गाणी उपदेशाचीही असत : उगाच जागरण करू नका, जुगार खेळू नका. श्रीमंत आणि गरीब यांच्यातल्या दरीवरही तो गायला. 1977 च्या निवडणुकीत तो विरोधी इस्लामी पक्षाच्या बाजूनं उभा राहिला, आणि सरकारी दूरचित्रवाणीनं त्याला दहा-अकरा वर्षं पडद्यावर येऊ दिलं नाही. पण ध्वनिफिती गावोगाव पोचत होत्या. गाणं काही थांबलं नाही.

आता गंमत पाहा. 1998 साली सुहार्तो पायउतार झाले. पाच वर्षांनी, 2003 साली, पूर्व जावातल्या इनुल दारातिस्ता या तरुणीच्या नाचानं देश ढवळून निघाला. खेड्यातल्या लग्नसमारंभांत गाणारी ही मुलगी नकली तबकड्यांमुळे घरोघरी पोचली होती. तिचा नाच अश्लील आहे, असा आक्षेप कोणी घेतला? ज्याच्यावर पूर्वी बंदी आली होती, त्या रोमा इरामानंच! माजी राष्ट्राध्यक्ष अब्दुर्रहमान वाहिद मात्र इनुलच्या पाठीशी उभे राहिले. तिचं गाणं चालूच राहिलं.

पुढे 2018 च्या आशियाई क्रीडास्पर्धांचं गीत गाण्याचा मान व्हिया वॅलेन या डांगडुट गायिकेला मिळाला. 17 ऑगस्ट 2022 रोजी, स्वातंत्र्यदिनी, जाकार्ताच्या राष्ट्राध्यक्ष भवनात फारेल प्रायोगा हा बारा वर्षांचा मुलगा जावानी गाणं गायला, आणि मंत्रीसुद्धा उठून नाचू लागले. ज्या ठेक्याला एके काळी नाकं मुरडली गेली, तोच असा राजवाड्यात शिरला.

शिक्षकबंधूंनो आणि भगिनींनो, इतिहास शिकवताना आपण राजांच्या सनावळ्या सांगतो. त्या सांगायलाच हव्यात. पण कुठलं गाणं कोणी हिणवलं, कोणी बंद केलं, आणि तरी ते कोणी जपलं, हेही मुलांना विचारायला लावा. हलकं काय आणि थोर काय, याचा निवाडा अनेकदा सत्तेच्या खुर्चीवरून होतो. शेवटचा शब्द मात्र ठेका धरणाऱ्या पायांचा असतो, एवढं डांगडुटच्या या कहाणीवरून दिसून येतं.