धानाची रास आणि मोजफीत

गोंदिया जिल्ह्यात दिवाळीच्या आगेमागे मळणी सुरू झाली, की खळ्यात धानाच्या राशी उभ्या राहतात. (विदर्भाच्या या भागात भाताला धानच म्हणतात.) वजनकाटा जवळ नसतो, पण पोती किती लागतील, गाडी केवढी सांगावी, हे आधीच ठरवावे लागते. रास अवकाळी पावसात भिजली, तर मुळात धान किती होते, हे सांगायलाही काही आधार हवा असतो. अशा वेळी साधी मोजफीत पुरते. सपाट जमिनीवर ओतलेली रास शंकूच्या आकाराची होते आणि शंकूचे घनफळ तळाचा घेर व उंची एवढ्या दोनच लांबींवरून निघते. घेराचा वर्ग करावा, त्याला उंचीने गुणावे आणि ३७.७ ने भागावे. मापे मीटरमध्ये असतील तर उत्तर घनमीटरमध्ये येते.

घेर मोजणे सोपे आहे, अडचण उंचीची. राशीच्या पोटातून फीत नेता येत नाही. मात्र ही उंची न मोजताही काढण्याची युक्ती भास्कराचार्यांनी ११५० च्या सुमारास ‘लीलावती’त दिली आहे. राशिव्यवहार या प्रकरणात ते सांगतात, की जाड्या धान्याच्या राशीची उंची घेराच्या दहाव्या भागाइतकी, बारीक धान्याची अकराव्या भागाइतकी आणि शूकधान्याची, म्हणजे साळीसारख्या कुसळे असलेल्या धान्याची, नवव्या भागाइतकी असते. घेराच्या सहाव्या भागाचा वर्ग करून त्याला उंचीने गुणले, की घनफळ मिळते.

हा नियम निव्वळ पुस्तकी नाही. उंची घेराच्या नवव्या भागाइतकी असेल, तर राशीचा उतार जमिनीशी सुमारे ३५ अंशांचा कोन करतो. ओतलेले धान ज्या उतारावर स्थिरावते, तो कोन आजच्या मोजणीतही साधारण ३६ अंशांच्या आसपास येतो. कुसळांमुळे दाणे एकमेकांत अडकतात, म्हणून साळीची रास मोहरीच्या राशीपेक्षा उभट राहते. ही गोष्ट त्या काळी कोणीतरी खळ्यात बसूनच पाहिली असली पाहिजे.

समजा, घेर १२ मीटर आहे. उंची १.३३ मीटर आणि घनफळ सुमारे ५.१ घनमीटर येते. एका घनमीटरात सुट्या धानाचे वजन ५७५ किलो धरले, तर रास २९ क्विंटलांच्या आसपास भरते. ‘लीलावती’च्या रीतीने घनफळ ५.३३ घनमीटर, म्हणजे पावणेपाच टक्के जास्त येते. कारण तेथे वर्तुळाचा घेर व्यासाच्या तिप्पट धरला आहे. भास्कराचार्यांना २२/७ आणि ३९२७/१२५० ही सूक्ष्म गुणोत्तरे ठाऊक होती. राशीसाठी त्यांनी तीनच घेतले आणि ते योग्यच केले, कारण खरा धोका वेगळाच आहे. उंची घेरावरूनच काढल्यामुळे घेरातील चूक तिसऱ्या घातात वाढते. घेर पाच टक्के जास्त मोजला गेला, तर घनफळ जवळजवळ १६ टक्क्यांनी फुगते. वरच्या राशीत हा फरक साडेचार क्विंटलांहून अधिक होतो. म्हणून तळाचे विखुरलेले दाणे आधी झाडून आत लोटावेत, मगच फीत लावावी. उंची स्वतंत्रपणे तपासायची असल्यास शिखरापासून पायथ्यापर्यंतचा तिरपा उतार मोजावा आणि त्याच्या वर्गातून त्रिज्येचा वर्ग वजा करून वर्गमूळ घ्यावे.

रास भिंतीला टेकलेली असेल तर दिसणारा घेर अर्धाच असतो. तो दुप्पट करून घनफळ काढावे आणि उत्तर निम्मे करावे. दोन भिंतींच्या आतल्या कोपऱ्यात दोन्ही ठिकाणी चार हा आकडा घ्यावा. ही सोयही ‘लीलावती’त आहे.

मळणीपूर्वी बांधीत रचलेल्या पुंजण्याला मात्र हे गणित लागू पडत नाही. त्याचे आकारमान मोजता येते, परंतु त्यात तणस किती आणि दाणा किती, हे फितीला कळत नाही.