सदू शिंदे : सात कसोट्यांचे आयुष्य

महाराष्ट्राच्या क्रिकेटचा विषय निघाला की आपण पुणेकर प्रा. दि. ब. देवधरांपाशी थांबतो. संस्कृतचे प्राध्यापक, संघनायक, १९३९-४० आणि १९४०-४१ अशी लागोपाठ दोन रणजी विजेतेपदे. तिथे थांबणे गैर नाही. पण याच महाराष्ट्र संघातून पुढे आलेला एक लेगस्पिनर आपण जवळजवळ विसरलो आहोत. सदाशिव गणपतराव शिंदे. जन्म मुंबईचा, १९२३ चा. पुढे ते मुंबईकडून आणि बडोद्याकडूनही खेळले. चेंडू वळवायचे, गुगली टाकायचे, आणि फलंदाजी? तिच्याविषयी न बोललेले बरे.

अर्थात अपवाद आहे. २२ जून १९४६, लॉर्ड्स. शिंद्यांची पहिली कसोटी. समोर अ‍ॅलेक बेडसर, त्याचीही पहिलीच, आणि त्याने सात बळी घेतले. भारत दोनशेवर बाद झाला, पण शेवटच्या जोडीने, म्हणजे रूसी मोदी आणि आपले शिंदे यांनी, ४३ धावा जोडल्या. त्यात शिंद्यांच्या दहा!

त्यांचा खरा दिवस उजाडला तो नोव्हेंबर १९५१ मध्ये, दिल्लीत. इंग्लंड २०३ सर्वबाद, शिंदे ९१ धावांत ६ बळी. मग मर्चंट १५४, हजारे नाबाद १६४. भारताने तोवर एकही कसोटी जिंकली नव्हती. पहिला विजय आता हाताशी आला, असे वाटावे अशी ती स्थिती. पण दुसऱ्या डावात वॉटकिन्स नाबाद १३७ काढून बसला, झेल सुटले, सामना अनिर्णित. तो पहिला विजय पुढे त्याच मालिकेत मद्रासला मिळाला. श्रेय मंकडना, आणि ते योग्यच.

१९५२ च्या इंग्लंड दौऱ्यावर सुभाष गुप्त्यांना वगळून शिंद्यांना नेले. यावर टीका झाली, आजही होते. त्याच दौऱ्यात मंकड सुरुवातीला संघात नव्हते, कारण ते हॅसलिंग्डन क्लबचे पगारी खेळाडू होते! दौरा संपला, शिंद्यांची कसोटीही संपली. सात सामने, बारा बळी, सरासरी साठाच्या जवळ. त्या बारांतले निम्मे दिल्लीच्या एका डावातले.

आता आम्ही तत्त्वज्ञान शिकवणारे, म्हणून ॲरिस्टॉटल आठवतो. एका दिवसावरून माणसाला सुखी ठरवता येत नाही, असे त्याचे मत. आयुष्य पुरते पाहा, म्हणतो. ठीक. पण पुरते म्हणजे किती? साठाची सरासरी हा हिशेब खरा आहे, खोटा नाही. मात्र सरासरी काढताना आपण तो दिल्लीचा डाव इतर दिवसांत मिसळून पातळ करतो. फलंदाज गोंधळले, बाद झाले. ते घडून गेलेले आहे. नंतरच्या अपयशाने ते मागे जाऊन पुसले जात नाही. आम्हाला वाटते, अशा छोट्या कारकिर्दीला सरासरीपेक्षा साधे वर्णन अधिक न्याय देते.

आणि पुरते आयुष्य त्यांना मिळालेच कुठे? २२ जून १९५५ रोजी विषमज्वराने मुंबईत ते गेले. लॉर्ड्सच्या त्या सकाळीला बरोबर नऊ वर्षे झाली होती. वय ३१. लेगस्पिनर साधारण याच वयात पिकू लागतो. मागे लहान मुली होत्या. त्यातल्या एक, प्रतिभाताई, पुढे शरद पवारांच्या पत्नी झाल्या. पवार क्रिकेट मंडळाचे अध्यक्ष झाले तेव्हा हे नाते पुन्हा चर्चेत आले, आणि त्या निमित्ताने तरी दिल्लीचे ते सहा बळी काही दिवस लोकांच्या तोंडी होते.