दहा मिनिटांचं एक मिनिट: खुणांच्या भाषेची गोष्ट

वाळूजहून, बजाजनगरमधल्या माझ्या खोलीतून आजचा भाग. कंपन्यांची शिफ्ट आत्ताच सुटलीय, मागे गाड्यांचा आवाज येईल, सांभाळून घ्या.

एक गोष्ट आधीच सांगतो. ज्याच्यामुळे हा भाग करतोय, तो माझा मावसभाऊ हा ऐकू शकणार नाही. दादा जन्मापासून कर्णबधिर आहे. इथेच एमआयडीसीत सीएनसी मशीनवर काम करतो. म्हणून या वेळी आधी लिहिलं, त्याला वाचायला दिलं आणि मग रेकॉर्ड केलं.

मागच्या वर्षी मावशीला दवाखान्यात नेलं होतं. डॉक्टर दहा मिनिटं बोलले. किडनी, डायलिसिस, खर्च, पुढे काय काय होऊ शकतं, सगळं. दादा माझ्या तोंडाकडे बघत होता. मी हातवारे करून सांगितलं: आई बरी होईल, गोळ्या, काळजी नको. एक तर 'डायलिसिस' खुणेनं कसं सांगायचं ते मला माहीत नव्हतं. आणि खरं सांगू का, त्याला कशाला टेन्शन द्यायचं, असंही वाटलं. तीन आठवड्यांनी फाईल त्याच्या हाती लागली. रात्री व्हॉट्सॲपवर मेसेज आला: "डॉक्टर 10 मिनिट. तू 1 मिनिट. बाकी कुठे?"

माझ्याकडे उत्तर नव्हतं. मग वाचायला लागलो, तेव्हा कळलं की ही बाकीची मिनिटं गेली शंभर-दीडशे वर्षं अशीच गायब होत आलीत.

चला 1880 मध्ये. इटलीतलं मिलान शहर. कर्णबधिरांच्या शिक्षकांची आंतरराष्ट्रीय परिषद भरली. ठराव काय झाला? मुलांना बोलायला आणि ओठ वाचायला शिकवा, खुणा बंद करा. ठरवणारे जवळजवळ सगळे ऐकू येणारे. ज्यांच्या हातांबद्दल निर्णय झाला, त्यांना कुणी विचारलंच नाही. त्याच दशकात मुंबईत बिशप लिओ म्यूरिन यांच्या पुढाकारानं कर्णबधिर मुलांची शाळा निघाली, देशातल्या अगदी पहिल्या शाळांपैकी एक. शाळा निघाल्या ही मोठीच गोष्ट. पण 'आधी बोलायला शिका' या विचाराची छाप आपल्याकडच्या शिक्षणावरही पुढे बराच काळ राहिली. मिलानच्या ठरावांबद्दल जाहीर खेद व्यक्त व्हायला 2010 उजाडलं, कॅनडातल्या व्हँकुव्हरच्या परिषदेत.

दादा निवासी शाळेत शिकला. तो सांगतो, वर्गात हात बाकावर ठेवायचे. खरी भाषा शिकला ती रात्री होस्टेलमध्ये, मोठ्या मुलांकडून. म्हणजे भाषा टिकवली ती पोरांनी.

आता मदन वसिष्ठ यांची गोष्ट. हिमाचलमधल्या खेड्यातला मुलगा. अकराव्या वर्षी आजारपणात ऐकू येणं गेलं. पुढे दिल्लीत फोटोग्राफी शिकला, तिथे कर्णबधिर मित्र भेटले, आणि 1967 मध्ये तो पोचला थेट अमेरिकेतल्या गॅलोडेट कॉलेजात. त्याच कॉलेजात विल्यम स्टोकी या प्राध्यापकानं 1960 मध्ये दाखवून दिलं होतं की अमेरिकन कर्णबधिरांच्या खुणा म्हणजे नुसते हावभाव नाहीत, ती व्याकरण असलेली भाषा आहे.

वसिष्ठ यांनी हाच प्रश्न भारताबद्दल विचारला. जेम्स वुडवर्ड आणि कर्क विल्सन यांच्यासोबत त्यांनी दिल्ली, कोलकाता, मुंबई आणि बंगळुरूच्या खुणा गोळा केल्या. 1978 मध्ये अभ्यास छापून आला. चार शहरांत बोलीभाषा चार, पण सुमारे 75 टक्के खुणा एकमेकींशी नातं सांगणाऱ्या! पुढे मुंबईच्या खुणांवर त्यांचं वेगळं पुस्तकही आलं.

इथे आपला एक गैरसमज काढून टाकू. ही 'हातांची मराठी' नाही. आपण विचारतो, "तू कुठे राहतोस?" खुणांत क्रम लागतो: तू, राहणं, कुठे. प्रश्न शेवटी, आणि सोबत चेहराही प्रश्न विचारतो. पुरुषाची खूण मिशीवरून, बाईची नाकातल्या चमकीवरून. मातीतलीच भाषा आहे हो, फक्त आपण कधी बघितली नाही.

महाराष्ट्राचा यात मोठा वाटा आहे. 1997 मध्ये इचलकरंजीहून दिलीप देशमुख यांचं खुणांची भाषा आणि द्विभाषिक शिक्षण यांवरचं पुस्तक आलं. 2001 मध्ये मुंबईत बांद्र्याच्या अली यावर जंग राष्ट्रीय संस्थेत भारतीय सांकेतिक भाषेचा कक्ष सुरू झाला. भाषा शिकवणं आणि दुभाषी घडवणं, दोन्ही कामं तिथे सुरू झाली. दुभाषी म्हणजे घरातला चुलतभाऊ नव्हे. सगळं सांगायचं, आपल्या मनचं घालायचं नाही, गाळायचं नाही आणि ऐकलेलं बाहेर बोलायचं नाही, हे शिकलेला माणूस. मी दवाखान्यात यातली पहिलीच गोष्ट मोडली होती.

2015 मध्ये दिल्लीत भारतीय सांकेतिक भाषा संशोधन आणि प्रशिक्षण केंद्र उभं राहिलं. त्यांचा शब्दकोश 2018 मध्ये 3,000 शब्दांचा होता, 2021 मध्ये 10,000 झाला. 2016 च्या दिव्यांग हक्क कायद्यात सांकेतिक भाषेचा उल्लेख आला. सप्टेंबर 2023 मध्ये सारा सनी या कर्णबधिर वकील दुभाष्याच्या मदतीनं सर्वोच्च न्यायालयासमोर उभ्या राहिल्या. सरन्यायाधीश होते आपले धनंजय चंद्रचूड.

पण 2011 च्या जनगणनेत ऐकण्याचं अपंगत्व असलेले 50 लाखांहून जास्त लोक नोंदवले गेले, आणि त्या मानानं प्रशिक्षित दुभाषी फारच थोडे. वाळूजसारख्या ठिकाणी सेफ्टी ट्रेनिंगला, बँकेत, पोलीस चौकीत, दवाखान्यात दुभाषी कोण? बहुतेक वेळा माझ्यासारखाच कुणीतरी, ज्याला भाषा येत नाही आणि जो वर स्वतःच ठरवतो की समोरच्याला किती कळू द्यायचं.

मी काय केलं? त्या केंद्राचे शब्दकोशाचे व्हिडिओ यूट्यूबवर फुकट आहेत. रोज पाच खुणा शिकतो, दादा चुका काढतो, पोट धरून हसतो. पण महिनाभर शिकून कुणी दुभाषी होत नाही. म्हणून मावशीच्या पुढच्या तपासणीला आम्ही व्हिडिओ कॉलवर प्रशिक्षित दुभाषी घेतला. डॉक्टर पाच मिनिटं बोलले. नंतरची पंधरा मिनिटं दादा प्रश्न विचारत होता. त्यातले अर्धे प्रश्न मला सुचलेही नसते.

तुमच्या घरात, कंपनीत, गल्लीत असं कुणी असेल, तर हा भाग लिंक न पाठवता मजकूर म्हणून पाठवा. आणि पुढच्या वेळी "काही नाही, नंतर सांगतो" म्हणण्याआधी जरा थांबा. भेटू पुढच्या भागात. काळजी घ्या!